गोलाच्या मधला माणूस

आश्विनात जव्हारहून जामसरकडे जावं. डोंगरउतारावरची नागली पिकायला आलेली असते, खाचरांत भात लोंब्यांनी वाकलेला असतो. चांदणं पडलं की एखाद्या पाड्यावरून आवाज यायला लागतो. पहिल्यांदा ऐकणाऱ्याला तो वाद्याचा वाटतच नाही. मोहोळाची गुणगुण आणि लांबवर हंबरणारं जनावर, या दोन्हींच्या मधलं काहीतरी वाटतं. तो वर चढतो, खाली येतो, वळणं घेतो, पण तुटत नाही. वाजवणारा श्वास कधी घेतो, तेच कळत नाही.

हा तारपा. त्याचं चित्र महाराष्ट्रात कोणी पाहिलं नाही असं होणार नाही. गेरूच्या भिंतीवर पांढऱ्या रेघांनी काढलेला माणसांचा गोल, त्याच्या मधोमध वाकून लांबलचक वाद्य फुंकणारा एक जण. साड्यांवर, कपांवर, शाळांच्या कुंपणांवर, सरकारी कचेऱ्यांच्या भिंतींवर हा गोल पोचला आहे. इतका की वारली चित्र म्हटलं की आधी तोच डोळ्यांपुढे येतो. पण तारपा प्रत्यक्ष ऐकलेली माणसं त्या मानानं फारच थोडी. चित्र जगभर फिरलं आणि आवाज डोंगरातच राहिला, याची मला गेली काही वर्षं टोचणी लागून राहिली आहे. या लेखाचा उगम तोच.

ते चित्र जपानपर्यंत ज्यानं नेलं, तो माणूस मुळात गायक होता. इथून गोष्ट सुरू करतो.

१९६९ साली टोकियोत काही तरुणांनी एक संगीतमंडळी काढली. नाव ठेवलं ताजमहाल ट्रॅव्हलर्स. म्होरक्या होता व्हायोलिन वाजवणारा ताकेहिसा कोसुगी. त्याच मंडळीत तोकियो हासेगावा नावाचा तरुण गळ्यानं साथ देत होता. साथ म्हणजे गाणी म्हणणं नव्हे. शब्द नाहीत, कडवी नाहीत, ठेका नाही. व्हायोलिनचा सूर विजेच्या यंत्रातून पुन्हा पुन्हा परतून येई, त्यात भांड्यांचे, काठ्यांचे, तारांचे नाद मिसळत आणि त्यावर हासेगावाचा लांबवलेला स्वर तरंगत राही. ही मंडळी समुद्रकिनारी, उघड्यावर तासन्‌तास वाजवत. रॉक संगीतातल्या चौकटी मोडणाऱ्यांतही ती वेगळी पडली. युरोपात कार्यक्रम करून पुढे फोक्सवॅगनच्या गाडीनं खुष्कीच्या मार्गानं मजल दरमजल करत ती भारतात, आपल्या नावातल्या ताजमहालापर्यंत आली.

त्यांच्या पहिल्या ध्वनिमुद्रिकेला निराळं नावही नाही, १५ जुलै १९७२ ही नुसती तारीख आहे. त्या दिवशी टोकियोच्या सोगेत्सु सभागृहात जे वाजलं ते तिच्यावर आहे. रचनांची नावं म्हणजे घड्याळातल्या वेळा: अमुक वाजल्यापासून तमुक वाजेपर्यंत. हे वाचलं आणि मला पाड्यावरची रात्र आठवली. तारप्याच्या नाचातही ‘हे गाणं संपलं, आता दुसरं’ असं नसतं. विचारायचंच झालं तर चांदणं वर आल्यापासून कोंबडा आरवेपर्यंत, एवढंच सांगता येईल.

पुढे हासेगावा टोकियो सोडून निईगाता प्रांतातल्या तोकामाचीच्या डोंगरात जाऊन राहिला. हा भाताचा आणि बर्फाचा मुलूख, हिवाळ्यात माणसाच्या उंचीहून जास्त बर्फ साचतं. तिथल्या बंद पडलेल्या शाळेच्या इमारतीत त्यानं १९८२ साली मिथिला म्युझियम उभं केलं. नाव मिथिलेचं, कारण सुरुवात मधुबनी चित्रांनी झाली. मग वारली चित्रं आली. त्याची खरी मोठी गोष्ट म्हणजे त्यानं चित्रं नुसती विकत आणून टांगली नाहीत. चित्रकारांनाच बोलावलं, राहायला जागा दिली, वेळ दिला आणि मोठाले फलक समोर ठेवले. डहाणूजवळच्या गंजाडचे जिव्या सोमा म्हसे तिथं जाऊन राहिले, त्यांचे पुत्र सदाशिव म्हसेही गेले. घराच्या भिंतीचं माप ओलांडलेली वारली चित्रं त्या बर्फाळ गावात निर्माण झाली.

म्हसे यांच्याविषयी थोडं थांबून बोललं पाहिजे. वारल्यांत भिंतीवरचं चित्र हे बायकांचं काम. लग्नात सवासणींनी तांदळाच्या पिठानं चौक लिहायचा, त्यात पालघाट देवी बसवायची, लग्न लावणाऱ्या धवलेरीनं गाणी म्हणत विधी पुरा करायचा. लिहायचा, कारण वारली चौक ‘काढत’ नाहीत, ‘लिहितात’. सत्तरच्या दशकाच्या आरंभी चित्रकार भास्कर कुलकर्णी कागद-रंग घेऊन या पाड्यांवर आले. त्याआधी बिहारात दुष्काळ पडला तेव्हा मिथिलेतल्या बायकांच्या हाती कागद देण्याचं कामही पुपुल जयकरांच्या सांगण्यावरून त्यांनीच केलं होतं. म्हणजे ज्या दोन परंपरा पुढे तोकामाचीच्या त्या शाळेत शेजारी शेजारी नांदल्या, त्या दोघींनाही भिंतीवरून कागदावर आणणारा माणूस एकच, आणि तो मराठी. कुलकर्णी १९८३ साली गेले. आपल्याकडे त्यांचं नाव अजूनही फार थोड्यांना ठाऊक आहे, आणि हे मला मनापासून लागतं. जिव्या म्हसे पुरुष असूनही लग्न नसतानाही रोज चित्र लिहीत. त्यांच्या हातून ही कला देवघरातून जगात आली. २०११ साली त्यांना पद्मश्री मिळाली. १५ मे २०१८ रोजी ते गेले, आणि त्याच वर्षी ऑक्टोबरात जपानमध्ये ताकेहिसा कोसुगीही गेला.

एका गायकाला या रेघांत काय दिसलं असेल? त्याच्या मनातलं मला सांगता येणार नाही. पण तारप्याचा गोल पाहताना एक गोष्ट पुन्हा पुन्हा जाणवते. चित्रातल्या माणसांना नाक-डोळे नाहीत. दोन त्रिकोण टोकाला टोक लावलेले, त्यांना काडीचे हातपाय, एवढंच शरीर. तरी प्रत्येक जण ताल धरून आहे हे दिसतं, कारण कमरेत किती झुकायचं ते चित्रकाराला नेमकं कळलेलं आहे. हे चित्र ऐकून लिहिलेलं आहे. आयुष्यभर स्वराचा माग काढलेल्या माणसाला ते कळलं नसतं तरच नवल.

आता त्या आवाजाकडे वळू.

तारपा हाटात विकत मिळत नाही. वाळवून पोकळ केलेला दुधी भोपळा ही त्याची हवेची कोठी. तिच्यात वरून फुंकायचं. खालच्या बाजूला शेजारी शेजारी बांबूच्या दोन नळ्या बसवलेल्या. नळीच्या भोपळ्यातल्या टोकाला बांबूचीच बारीक चीर देऊन केलेली जीभ, ती थरथरली की सूर निघतो. नळ्यांना भोकं, त्यांच्यावर दोन्ही हातांची बोटं चालतात. नळ्यांच्या पुढे ताडाची पानं एकावर एक गुंडाळून केलेला लांब कर्णा, त्यातून आवाज मोठा होऊन बाहेर पडतो. सगळे सांधे मधमाशीच्या मेणानं बुजवायचे. भोपळा, बांबू, ताड, मेण. खिळा नाही, तार नाही, धातूचा कण नाही. मेणाचा सांधा कुठं फटीइतका सुटला तरी सूर बसतो, म्हणून वाजवण्याआधी तारपकरी बोटानं मेण चाचपून दाबत असतो. डांगच्या बाजूला कोकणा लोकांत याच जातीच्या वाद्याला पावरी म्हणतात.

श्वास न तुटण्याचं गुपित गालांत आहे. गालांत हवा भरून ठेवायची, ती भोपळ्यात लोटत असतानाच नाकानं नवी आत ओढायची. सांगायला एका वाक्याचं काम आहे. शिकायला वर्षं जातात आणि ती लहान वयातच घालवावी लागतात.

जपानच्या दरबारी संगीतात शो नावाचं वाद्य आहे. वाटीसारख्या कोठीत उभ्या केलेल्या बांबूच्या १७ नळ्या, त्यातल्या १५ वाजणाऱ्या. तो आला चीनच्या शेंगपासून, आणि शेंगची कोठी मुळात भोपळ्याची असे. चिनी लोकांनी वाद्यांचे जे आठ जुने वर्ग पाडले त्यात ‘भोपळा’ हा एक स्वतंत्र वर्ग आहे. शोच्या जिभा धातूच्या आणि सुट्या थरथरणाऱ्या, तारप्याच्या बांबूच्या, म्हणजे घराणी वेगळी. पण भोपळ्याच्या कोठीत बांबू रोवून न तुटणारा सूर काढायची कल्पना दोन्हीकडे सुचली. शो श्वास सोडतानाही वाजतो आणि ओढतानाही, म्हणून तिथंही सूर तुटत नाही. श्वासाची ओल जिभेवर साचू नये म्हणून शो वाजवणारे तो निखाऱ्यावर हळूच शेकतात. या वाद्याला देवळात आणि राजदरबारात मानाची जागा मिळाली. तारप्याला अंगण मिळालं.

अंगणात त्याचा मान मात्र राजाचा. बाया-बापे एकमेकांच्या कमरेत हात घालून साखळी करतात आणि तारपकऱ्याभोवती फिरतात. तो चालतो, गोल चालतो. तो वळतो, साखळी वळते. तारप्याकडे कोणी पाठ करत नाही. घोळकाठीवाला जमिनीवर काठी आपटून ठेका देतो, काठीतले घोळ वाजतात. तारपकरी एक चाळा सोडून दुसरा धरतो. चाळा म्हणजे त्या त्या नाचाची सुरावट. ती बदलली की पावलं बदलतात, कोणी मोजून सांगत नाही. शब्दांची गरज पडत नाही. ताजमहाल ट्रॅव्हलर्सचे श्रोते अंधारात गप्प बसून ऐकत. इथं बसून ऐकणारा कोणी नसतो, ऐकणं म्हणजेच नाचणं.

जव्हार तालुक्यातल्या वाळवंड्याचे भिकल्या लाडक्या धिंडा हे असे गोलाच्या मधले माणूस. दहा-बारा वर्षांचे असल्यापासून ते तारपा वाजवत आले. घरात तो पिढ्यांपासून होता. तारपा ते स्वतः तयारही करतात. २५ जानेवारी २०२६ रोजी पद्म पुरस्कार जाहीर झाले तेव्हा त्यांचं नाव पद्मश्रीच्या यादीत होतं. वय नव्वदीच्या पुढचं. चित्रातल्या गोलाला हा मान २०११ साली मिळाला होता. त्या गोलाला फिरवणाऱ्या श्वासापर्यंत तो पोचायला त्यानंतर १५ वर्षं गेली.

एखाद्या रॉक गायकाची कारकीर्द लिहायची तर तबकड्या, दौरे, तिकिटं, मुलाखती यांच्या तारखा हाताशी असतात. धिंडाबाबांच्या कारकिर्दीला असा एकही खांब नाही. ती मोजायची तर आश्विन मोजावे लागतील, जवळजवळ ८०. भात पिकल्यापासून तो घरात येईपर्यंतचे ते दिवस. वाघबारशीला वाघोबाला नारळ वाढवून आदिवासी दिवाळी सुरू होते. घरात चवळी शिजते, करांदे उकडतात, काकडीचे सावेले होतात आणि रात्री अंगणात तारपा येतो. त्यासाठी कोणी बिदागी ठरवत नाही. असा माणूस आयुष्यभर वाजवतो ते कशाच्या बळावर, हा प्रश्न आपण शहरात बसून विचारतो. पाड्यावर तो पडत नाही, कारण तारप्यावाचून ते दिवस साजरेच होत नाहीत.

आज त्या दिवसांनाच कात्री लागली आहे. दिवाळी सरते न सरते तोच जव्हार-मोखाड्यातून घरंच्या घरं कामाला बाहेर पडतात. वसई, भिवंडीच्या बाजूला वीटभट्ट्यांवर, शहरांत बांधकामांवर. जीपमध्ये तवा, पातेली, कोंबड्या, पोरं भरून पाडा रिकामा होतो. भाताचं खळं उरकलं की उचल घेतलेल्या मालकाकडे पोचायचं असतं. ज्या वयात पोरानं गालांत हवा धरायला शिकायचं, त्या वयात ते भट्टीवर मातीचे गोळे उचलत असतं. लग्नांत डीजे आला म्हणून तारपा मागे पडला असं सर्रास म्हटलं जातं. माझ्या मते ते अर्धंच खरं. डीजे नसलेल्या गावातही नाचायला माणसं जागेवर असावी लागतात. जी कला अंगणातल्या साखळीवर उभी आहे, तिच्यातले हात एकेक करून भट्टीवर गेले तर मधला वाजवणारा एकटा किती वेळ फिरणार?

तोकामाचीत त्या गायकानं चित्रकारांना दिलं ते मोजलं तर छप्पर, जेवण आणि घाई नसलेले महिने, एवढंच होतं. तारप्यालाही तेच हवं आहे, आणि ते इथंच, जामसरच्या, वाळवंड्याच्या अंगणात हवं आहे. मंचावर पाच मिनिटांचा नाच बसवून ते होत नाही. मंचावर तारपकऱ्याला एका कडेला उभं करतात, साखळी प्रेक्षकांकडे तोंड करून सरळ रांगेत येते, आणि तारप्याकडे पाठ होते.

तारप्याचा भोपळा पावसाच्या तोंडाला लावावा लागतो. वेल छपरावर चढवतात. कोवळी फळं भाजीला जातात, नीट बाकाचं एखादं मात्र खुडायचं नाही असं बजावून ठेवतात. ते वेलीवरच जून होतं, मग उतरवून घरात टांगतात. चुलीच्या धुरात ते महिनोन्‌महिने वाळतं, हलकं होतं, आतल्या बिया खुळखुळू लागतात. देठाकडे भोक पाडून त्या बाहेर काढतात. पुढच्या मिरगाला लावण्यासाठी त्यातल्या काही राखेत घोळून आडोशाला ठेवतात.