सतरा खुणांची मोटार

अगदी बारीक स्क्रूसुद्धा मोजला, तर एका मोटारीत साधारण ३०,००० भाग भरतात, असा टोयोटा कंपनीचा हिशेब आहे. पानाला ५० ओळी धरून नुसती नावं छापली तरी ६०० पानांचं बाड होईल, तेही एकाच मॉडेलचं. मध्येच कंपनीने दिव्याचा होल्डर किंवा ब्रेकचा सिलिंडर बदलला की ते जुनं झालं.

म्हणून आता मेकॅनिक मोबाईलवर किंवा कॉम्प्युटरवर चॅसी नंबर टाकतो. त्यात अक्षरं आणि आकडे मिळून १७ खुणा असतात. एक आणि शून्याशी घोटाळा होऊ नये म्हणून इंग्रजी आय, ओ आणि क्यू वर्ज्य, त्यामुळे प्रत्येक जागेला ३३ पर्याय उरतात. ३३ ला ३३ ने असं सतरा जागांसाठी गुणत गेलं की उत्तर येतं ६५ वर २४ शून्यं. जगातल्या ८०० कोटी माणसांना हे नंबर वाटले, तर माणशी ८० कोटी कोटींहून जास्त येतील! प्रत्यक्षात बऱ्याच जागा आधीच ठरलेल्या असतात. सुरुवातीला एमएटी दिसलं की टाटा, एमए३ दिसलं की मारुती. उरलेल्या खुणांवरून कंपनीची प्रणाली नेमकी तीच गाडी गाठते. पडद्यावर ब्रेकचा जोड सुटा करून मांडलेला दिसतो आणि त्यातल्या वॉशरलाही स्वतःचा पार्ट नंबर असतो.

बिघाडांचा पसारा वेगळाच. स्टिअरिंगखालच्या १६ पिनांच्या सॉकेटात स्कॅनर लावला की पाच खुणांचा कोड येतो. त्याच्या रचनेत ६५,५३६ कोड बसतात. एकेक वाचायला एक मिनिट धरलं तर न झोपता ४५ दिवस लागतील. त्यातला पी०४२० मेकॅनिक मंडळींच्या चांगल्या ओळखीचा. धूर स्वच्छ करणारा कन्व्हर्टर कमी पडतोय, एवढंच तो सांगतो. कन्व्हर्टर खरंच गेला असेल, ऑक्सिजन सेन्सर चुकत असेल, नाहीतर एक्झॉस्टच्या पाइपात गळती असेल. गळती वेल्डिंगने भागते, कन्व्हर्टर मात्र खिसा रिकामा करतो. कुठल्या क्रमाने काय तपासायचं ही माहिती हाताशी असणं म्हणूनच लाखमोलाचं. पी१ने सुरू होणाऱ्या कोडचे अर्थ तर ज्या त्या कंपनीने आपापले ठरवलेले असतात.

आणि ते कंपनीने सांगितलेच नाहीत तर? भारतात २०११ मध्ये एका ग्राहकाने स्पर्धा आयोगाकडे तीन कंपन्यांविरुद्ध तक्रार केली. चौकशी १७ कंपन्यांपर्यंत पोचली. ऑगस्ट २०१४ मध्ये आयोगाने १४ मोटार कंपन्यांना मिळून सुमारे २,५४५ कोटी रुपयांचा दंड ठोठावला. स्पेअर पार्ट, तपासणीची साधनं आणि तांत्रिक माहिती बाहेरच्या गॅरेजांना मिळू दिली नाही, हा ठपका होता. पुढे अपिलं झाली, वर्षानुवर्षं कज्जे चालले. मला त्या निकालात दंडाहूनही मोठा वाटतो तो आदेश: स्पेअर पार्टची आणि त्यांच्या किमतींची माहिती कंपन्यांनी आपल्या वेबसाइटवर सर्वांसाठी खुली ठेवावी, आणि तपासणीची साधनं स्वतंत्र गॅरेजवाल्यांनाही मिळावीत.