भिंगापुढची रंगभूषा

‘डॉ. जेकिल अँड मिस्टर हाइड’ या १९३१च्या चित्रपटात जेकिल रसायनाचा पेला रिकामा करून आरशात पाहतो. बघता बघता त्याचा चेहरा काळवंडतो, त्यावर रेघा उमटू लागतात, आणि हे सगळं सलग, मध्ये कुठेही दृश्य न तोडता. दिग्दर्शक रुबेन मामुलियनने ही करामत वर्षानुवर्षं गुपित ठेवली होती. ती होती छायालेखक कार्ल स्ट्रसची.

जेकिल साकारणाऱ्या फ्रेड्रिक मार्चच्या चेहऱ्यावर त्या रेघा आधीच काढलेल्या होत्या, लाल रंगात. सेटवरच्या प्रत्येकाला त्या दिसत असणार. कॅमेऱ्याला मात्र दिसत नव्हत्या, कारण भिंगापुढे लाल फिल्टर होता. त्यातून पाहिलं की लाल रंग आणि त्वचा सारखेच उजळ दिसतात. कृष्णधवल फिल्मवर दोन्ही एकच. त्याच्या जागी हळूहळू हिरवा फिल्टर सरकवला की लाल रंगाचा प्रकाश अडतो आणि प्रत्येक रेघ काळी होऊन वर येते. ब्रश रंगभूषाकार वॉली वेस्टमोरचा. पण ती रंगभूषा केव्हा दिसायची आणि किती, हे स्ट्रसच्या हातात. पुढच्या टप्प्यांवर केस, दात, कृत्रिम त्वचा आली आणि तिथे मात्र दृश्यं एकमेकांत मिसळावी लागली.

फिल्मही तशीच हवी होती, लाल रंग टिपणारी. मूकपटांच्या सुरुवातीच्या काळातली ऑर्थोक्रोमॅटिक फिल्म लाल रंगाला आंधळी होती. गालावरची लाली पडद्यावर काळी पडे, म्हणून नटांच्या तोंडाला भलतेच रंग फासावे लागत. सगळे रंग टिपणारी पॅनक्रोमॅटिक फिल्म आली आणि रंगभूषेचं गणितच बदललं. १९२५च्या ‘बेन-हर’मध्ये स्ट्रसने हीच फिल्टरची युक्ती उलट दिशेने वापरली होती. तिथे महारोगाचे डाग येशूच्या कृपेने विरघळून जातात.

स्ट्रस मुळात स्थिरचित्रांतला. जन्म १८८६चा, न्यूयॉर्कचा. क्लॅरेन्स व्हाइटकडे तो छायाचित्रण शिकला, आल्फ्रेड स्टीगलिट्झच्या मंडळात बसला-उठला, आणि प्रतिमा मऊ उमटवणारं एक भिंग त्याने स्वतः तयार केलं. पहिल्या महायुद्धानंतर तो हॉलिवूडला गेला. ‘सनराइज’साठी चार्ल्स रोशरसोबत त्याला छायालेखनाचं पहिलंवहिलं ऑस्कर मिळालं. पुढे चॅप्लिनच्या ‘द ग्रेट डिक्टेटर’च्या छायालेखनातही तो होता.

‘जेकिल’साठी ऑस्कर मिळालं ते मार्चला, अभिनयाचं. स्ट्रसला नुसतं नामांकन. पण उतारवयात त्याने बोलून दाखवलेली खंत वेगळीच होती. जेकिलचं दुष्ट रूप असलेल्या हाइडला माकडासारखं केलं हेच त्याला पटलं नव्हतं. बदल मनातला आहे, तेव्हा चेहऱ्यावर थोडकाच फरक पुरे, असं त्याचं म्हणणं. मला ते शंभर टक्के पटतं. नंतरच्या टप्प्यांवरचे दात आणि केस आज नाटकी वाटतात, पण आरशासमोरचा तो सलग तुकडा आजही अंगावर येतो. तिथे मार्चच्या तोंडावर थोडा लाल रंग आहे, आणि बाकीचं काम प्रकाशाने केलं आहे.