हाडांची जहाजे आणि दिलेला शब्द

इंग्लंडमधल्या पीटरबरोच्या संग्रहालयातली छोटी जहाजे दुरून हस्तिदंती वाटतात. जवळ गेल्यावर कळते, ती हाडांची आहेत: कैद्यांच्या रश्श्यात उकळून निघालेल्या, चोखून टाकलेल्या हाडांची. डोलकाठ्या, तोफा, शिडाचे दोर, सगळे जागच्या जागी. ती घडवणाऱ्या फ्रेंच कैद्यांकडे हत्यारे बेताचीच होती, वेळ मात्र मोजता येणार नाही एवढा.

हे कैदी होते जवळच्याच नॉर्मन क्रॉस छावणीतले. १७९३ पासून इंग्लंड आणि फ्रान्स यांच्यात युद्ध जुंपले होते. मधली वर्षभराची शांतता सोडली तर ते १८१४ पर्यंत चालले. जुने किल्ले आणि तुरुंग भरून गेल्यावर १७९६-९७ मध्ये इंग्रजांनी युद्धकैद्यांसाठी मुद्दाम लाकडी बराकींची एक वसाहतच उभारली. लंडनहून उत्तरेला जाणारा हमरस्ता जवळ, समुद्र लांब. पळालेल्याला किनारा सहजी सापडू नये, हा हिशेब. आत कधी कधी सहा-सात हजार माणसे असत, म्हणजे आसपासच्या कितीतरी गावांहून मोठे गाव. १८००-०१ च्या साथीत तिथले हजाराहून अधिक कैदी दगावले.

या गावाला स्वतःचा बाजार होता. फाटकापाशी आसपासचे लोक येत आणि हाडाच्या पेट्या, सोंगट्या, रंगीत गवत चिकटवून केलेली नक्षी विकत घेत. छोटी, चालू स्थितीतली गिलोटिनेही खपत! गवताच्या वेण्या विणून टोप्यांसाठी विकायला मात्र बंदी आली, कारण त्या स्वस्त मालाने गावोगावच्या गरीब विणकर बायकांचे पोट मारले जात होते. बंदी आली तशी चोरटी विक्रीही आली. काहींचे कसब त्याच्याही पुढे गेले आणि ते बनावट नोटा काढू लागले.

सगळेच असे उद्योगी नव्हते. डार्टमूरच्या उजाड माळावर १८०९ मध्ये ग्रॅनाइटचा तुरुंग सुरू झाला. तिथल्या जुगाऱ्यांची एक टोळी कपडे, अंथरूण आणि उद्याची भाकरीही पणाला लावी. सगळे हरलेले हे लोक माळ्यावर उघडेवाघडे राहत. बाहेर जायचे तर घोंगडीला भोक पाडून ती गळ्यात अडकवत आणि स्वतःला ऐटीत ‘रोमन’ म्हणवून घेत.

त्याहून वाईट नशीब पोर्ट्‌समथ, प्लिमथ आणि चॅटमच्या खाडीत नांगरलेल्या जुनाट जहाजांवरच्या कैद्यांचे. डोलकाठ्या उतरवलेली ही लढाऊ जहाजे म्हणजे तरंगते तुरुंगच. लुई गार्नरे हा खलाशी तरुणपणी सुर्कुफ या फ्रेंच सागरी लुटारूच्या जहाजावरून बंगालच्या उपसागरात इंग्रजी जहाजे लुटत फिरला होता. १८०६ मध्ये तो पकडला गेला आणि आठ वर्षे अशा जहाजांवर राहिला. तिथेच त्याने चित्रे काढून विकायला सुरुवात केली. पुढे समुद्रचित्रकार म्हणून त्याचे नाव झाले.

अधिकाऱ्यांची गोष्ट निराळी. पळून जाणार नाही असा शब्द लिहून दिला की त्यांना एखाद्या खेडेवजा शहरात भाड्याने राहता येई. हमरस्त्याने मैलभर फिरायची मुभा, सरकारकडून आठवड्याचा भत्ता. आज आपल्याकडे तुरुंगाच्या बातम्यांत येणारा ‘पॅरोल’ तो हाच. फ्रेंचमध्ये या शब्दाचा अर्थ ‘दिलेला शब्द’ असाच आहे. सगळ्यांनी तो पाळला असे नाही. जनरल लफेव्र-देनुएत चेल्टनमहून बायकोसह निसटला आणि १८१२ मध्ये नेपोलियनबरोबर रशियात हजर झाला.

पण कैद इतकी लांबली का? पूर्वी दोन्ही बाजू दर्जाला दर्जा लावून कैद्यांची अदलाबदल करत. १८०३ च्या मे महिन्यात नेपोलियनने फ्रान्समधल्या अठरा ते साठ वयाच्या ब्रिटिश पुरुषांना, त्यात सहलीला आलेल्यांनाही, अडकवून ठेवले. या नागरिकांना युद्धकैदी मानायला लंडन तयार होईना. हिशेब तिथेच अडला, आणि अदलाबदलीसाठी १८१० मध्ये मोर्ले या फ्रेंच गावात झालेली बोलणीही फिसकटली.

या अडकलेल्यांचे मोठे ठाणे वर्दूं. तिथे इंग्रज उमरावांनी घोड्यांच्या शर्यती भरवल्या, जुगाराचे अड्डे चालवले, कर्जे केली. तिथला सेनाधिकारी व्हिरियाँ याने त्यांच्याकडून मनसोक्त पैसे उकळले. चौकशी लागली तेव्हा, १८१० मध्ये, त्याने स्वतःवर गोळी झाडून घेतली. हूड खलाशांना आणि पळपुट्यांना बिचच्या किल्ल्यातल्या तळघरांची भीती दाखवली जाई.

पॅरिसमध्ये अडकलेला अलेक्झांडर हॅमिल्टन मात्र भाग्यवान. बंगालमध्ये नोकरी करताना तो संस्कृत शिकला होता. त्याला मोकळे फिरू दिले गेले आणि तिथल्या ग्रंथालयातल्या संस्कृत पोथ्यांची सूची करायचे काम मिळाले. सोबत त्याने फ्रीड्रिख श्लेगेल या जर्मन लेखकाला संस्कृत शिकवले. श्लेगेलचे भारतीयांची भाषा आणि ज्ञान यांवरचे पुस्तक १८०८ मध्ये निघाले, आणि जर्मनीत संस्कृतच्या अभ्यासाला धुमारे फुटले.

१८१४ मध्ये नेपोलियनने गादी सोडली आणि कैदी घरोघर परतले. नॉर्मन क्रॉसच्या बराकी दोन वर्षांत मोडून लाकूडफाटा लिलावात गेला. तिथे मेलेल्या १,७७० कैद्यांसाठी गरुडाचा स्तंभ उभा राहिला तो थेट १९१४ मध्ये. त्याच वर्षी पुन्हा युद्ध पेटले. या खेपेला इंग्रज आणि फ्रेंच एकाच बाजूला होते, आणि दोन वर्षांनी तिथे झालेल्या लढाईनंतर वर्दूं हे नाव घोड्यांच्या शर्यतींसाठी कोणालाच आठवणार नव्हते.