मख्ख चेहऱ्याचा डॉक्टर

रिचर्ड मॅसिंगहॅम (1898–1953) हे पेशाने डॉक्टर. लंडन फीव्हर हॉस्पिटलमध्ये ते वरिष्ठ वैद्यकीय अधिकारी होते. सिनेमाचा नाद लागल्यावर त्यांनी पदरमोड करून 1934 मध्ये ‘टेल मी इफ इट हर्ट्स’ हा लघुपट काढला. विषय साधाच, दाताच्या डॉक्टरकडे गेलेल्या माणसाची धास्ती. पुढे त्यांनी स्वतःची चित्रसंस्था काढली आणि युद्धकाळात ब्रिटिश सरकारसाठी अनेक छोटे प्रचारपट केले.

त्यांत बहुधा तेच झळकत: गोल अंगाचे, गोंधळलेले, तोंडातून क्वचितच शब्द काढणारे गृहस्थ. ‘कफ्स अँड स्नीझेस’ (1945) मध्ये हा माणूस रुमाल न धरता खुशाल शिंकतो. पडद्यामागचा निवेदक त्याला दरडावून बोलावतो आणि लहान मुलासारखी रुमाल धरण्याची कवायत करून घेतो. मॅसिंगहॅम हसत नाहीत की चिडत नाहीत. मुकाट्याने हुकूम पाळतात. सगळी गंमत या मुकाटपणात आहे. निवेदकाचा आवाज जितका करडा, तितका त्यांचा चेहरा कोरा. ‘द फाइव्ह-इंच बेदर’मध्ये (1942) इंधन वाचवण्यासाठी टबात फक्त पाच इंच पाणी घेऊन अंघोळ करायची आहे, एरवी रटाळ वाटावी अशी ही सरकारी सूचना त्यांच्यामुळे सुसह्य होते.

सरकारी उपदेश लोकांना सहसा रुचत नाही. इथे मात्र बोलणी खाणारा पडद्यावरच असल्याने प्रेक्षक निर्धास्तपणे हसत, आणि सूचनाही लक्षात राही.