पेंगणाऱ्या मुलांची शिरगणती

मुलांमध्ये नार्कोलेप्सी, म्हणजे दिवसा न आवरणाऱ्या झोपेचा आजार, किती, या प्रश्नाच्या छापील उत्तरांत दोन टोकं मला फार आवडतात. एका टोकाला जपानातलं फुजिसावा. युताका होंडा यांनी १९७९ साली तिथल्या बारा ते सोळा वर्षांच्या शाळकरी मुलांची पाहणी करून आकडा काढला ०.१६ टक्के, म्हणजे लाखात १६०. दुसऱ्या टोकाला इस्रायल. १९८७ साली लावी आणि पेलेड यांनी निद्राकेंद्रांत येणाऱ्या रुग्णांवरून हिशेब मांडला, पाच लाखांत एक. दोन्हींत आठशे पटींचं अंतर! इस्रायलमध्ये या आजाराशी बांधलेलं जनुक कमी आढळतं, हे खरं. पण त्या एका जनुकावर आठशे पटींचं ओझं टाकणारे विद्वान मी ऐकले आहेत, आणि मला ते कधी पटलेले नाहीत. होंडांनी मुलांना शाळेत जाऊन विचारलं. झोपेची तपासणी मात्र सगळ्यांची केली नव्हती, त्यामुळे आकडा फुगला असणार. इस्रायलमध्ये जो आपल्या पायांनी दवाखान्यात आला तोच मोजला गेला. मुलं आपल्या पायांनी येत नाहीत, आणि पेंगणारी तर नाहीतच.

मधले आकडे बरेचसे एकमेकांच्या जवळ आहेत. मेयो क्लिनिकच्या परिसरातली, मिनेसोटातल्या ओल्मस्टेड काउंटीची कागदपत्रं चाळून २००२ साली निघाले लाखात ५६, त्यातले कॅटाप्लेक्सीसह (म्हणजे हसू आलं की अंग लटकं पडण्यासह) ३६. हाँगकाँग ३४, वॉशिंग्टन राज्यातली किंग काउंटी ३०.६, फिनलंड २६. हे सगळं मुख्यतः मोठ्यांचं गणित. मुलांचं म्हणून वेगळं काढायला गेलं की नवे रुग्ण वर्षाला लाखात एकाहूनही कमी निघतात, आणि बालरोगतज्ज्ञ सुटकेचा निःश्वास टाकतात. गंमत पुढे आहे. याच आजाराच्या मोठ्या माणसांना विचारा, निम्म्याहून अधिक सांगतात की सुरुवात अठराच्या आत झाली. सुरुवातीच्या वयाचा सर्वांत मोठा उंचवटा पंधराच्या आसपास येतो. पहिली डुलकी आणि निदान यांत आठ ते पंधरा वर्षं सहज जातात. म्हणजे लहानपणीचा आकडा मोठ्यांच्या आकड्यात दडून बसलेला आहे. लाखात ३० हा उसना दर धरला, तर २०११च्या जनगणनेतल्या ११ कोटी २४ लाखांच्या महाराष्ट्रात तेहतीस हजारांवर माणसं होतात. ‘आपल्याकडे हा आजार नाहीच’ असं परिषदांमधून छातीठोकपणे सांगणाऱ्या माझ्या मित्रांनी हे तेहतीस हजार कुठे गेले, एवढंच सांगावं.

ते कुठे जातात ते मी पाहिलं आहे. मी उमेदवारी करत होतो तेव्हा मेंदूचा आलेख शाईच्या लेखण्या कागदावर काढायच्या आणि बालविभागात ‘पडतो’ म्हटलं की मूल फिटवालं. एक मुलगी होती. भावाने चिडवलं, हसू आलं की तिचे गुडघे लटके पडायचे, जबडा खाली यायचा, शुद्ध मात्र शाबूत. एका मोठ्या रुग्णालयाने तिला फिटचं औषध चालू केलं, फेनोबार्बिटोन. आधीच पेंगणाऱ्या पोरीला झोप आणणारं औषध! घरी बाहेरची बाधा म्हणून अंगारा-धुपारा झाला, शाळेत ‘कुंभकर्ण’ झालं, जंताचं औषध झालं, लोहाच्या गोळ्या झाल्या, थायरॉईड तपासून झालं. वजन मात्र काही महिन्यांत भसाभस वाढलं होतं, त्याचा आणि झोपेचा संबंध कोणी जोडला नव्हता. तो संबंध मुलांच्या नार्कोलेप्सीत इतक्या वेळा दिसतो की कोणत्याही पेंगणाऱ्या मुलाचा वजनाचा तक्ता मी आधी मागतो. काहींना वयात येणंही लवकर होतं.

मुलांची कॅटाप्लेक्सी मोठ्यांसारखी नसते, हे इटलीतल्या बोलोन्याच्या ज्युसेप्पे प्लाझी आणि सहकाऱ्यांनी चित्रफिती घेऊन दाखवलं. पापण्या अर्ध्या उतरलेल्या, तोंड उघडं, जीभ बाहेर, चाल डळमळीत. सुरुवातीच्या महिन्यांत तर हसण्याचं निमित्तही लागत नाही. असं मूल पाहून कोणी कंपवातासारखा विकार म्हणतं, कोणी नाटक म्हणतं. आणि पेंगणारं मूल जागं राहायला धडपडतं तेव्हा ते चुळबुळतं, चिडतं, धावतं. मग चंचलतेचा शिक्का बसतो. पाच वर्षांचं झाल्यावर दुपारची झोप सुटलेल्या मुलाला ती पुन्हा लागली, तर आईला ते आधी कळतं. आम्ही तिला म्हणतो, ‘अहो, वाढीचं वय आहे.’

आता जोखमीकडे. इथे मी पक्षपाती आहे, तो पक्षपात लपवणार नाही. माझा जीव संसर्गाच्या बाजूने आहे, आणि ती बाजू आजची नाही. व्हिएन्नात १९१६-१७ च्या हिवाळ्यात कॉन्स्टँटिन फॉन इकोनोमो या डॉक्टरने (हा गृहस्थ विमानही चालवत असे) झोपेच्या साथीचे रुग्ण पाहिले. मेलेल्यांचे मेंदू तपासून त्याने हायपोथॅलॅमसच्या मागच्या भागावर बोट ठेवलं. तिथे इजा झाली की माणूस झोपतो, पुढच्या भागात झाली की झोप उडते. नार्कोलेप्सीचं घरही इथेच कुठे तरी असणार, असं तो म्हणून गेला. त्याचं म्हणणं खरं ठरायला ऐंशी वर्षं लागली. मधल्या काळात आमचे जनुकवाले बंधू कुत्र्यांमागे गेले होते.

कुत्र्यांची गोष्ट चांगली आहे, नाही म्हणत नाही. विल्यम डिमेंट यांनी स्टॅनफर्डला १९७०च्या दशकात नार्कोलेप्सीची कुत्री जमवली. डॉबरमन आणि लॅब्राडोर यांत ती पिढीजात उतरते असं दिसलं. खाणं समोर आलं की आनंदाने कोसळणारी ती कुत्री बघायला लोक येत. १९९९ साली एमानुएल मिन्यो यांच्या गटाने त्यांच्यातलं जनुक पकडलं, हायपोक्रेटिन या मेंदूतल्या रसायनाच्या ग्राहकाचं. त्याच वर्षी यानागिसावा या संशोधकाच्या उंदरांनी तेच सांगितलं. यानागिसावांनी त्या रसायनाचं नाव ओरेक्सिन ठेवलं होतं. मग सगळे माणसात या रसायनाच्या जनुकांतला बिघाड शोधायला धावले, आणि हाती लागलं एकच मूल, सहाव्या महिन्यापासून आजारी पडलेलं. बाकी माणसांत जनुक ठीक होतं, ते रसायन बनवणाऱ्या पेशीच मेलेल्या होत्या. हायपोथॅलॅमसमधल्या सत्तर हजारांच्या आसपास पेशी, आणि नार्कोलेप्सीत त्यांतल्या बहुतेक गायब. हे २००० साली कळलं. या पेशी कोणी मारल्या हा प्रश्न उरला, आणि त्याचं उत्तर कुत्र्यांकडे नव्हतं.

उत्तराचा धागा जपानकडे होता. होंडा आणि जुजी यांनी १९८०च्या दशकाच्या सुरुवातीला दाखवलं की तिथल्या जवळजवळ प्रत्येक रुग्णात एचएलए-डीआर२ हा गट आहे. आज आपण अधिक नेमकेपणाने त्याच्या शेजारच्या डीक्यूबी१*०६:०२ या गटाकडे बोट दाखवतो. प्रतिकारशक्तीशी इतका घट्ट बांधलेला आजार क्वचित असेल. पण तो गट साधारण लोकांतही ठिकठिकाणी १२ ते ३८ टक्के असतो आणि त्यातले बहुतेक सगळे टक्क जागे असतात. एकसारख्या जुळ्यांतही दोघांना आजार होण्याचं प्रमाण तीसएक टक्क्यांच्या पलीकडे जात नाही. आईवडील, भावंडं यांना धोका एक ते दोन टक्के. जनुक दार उघडं ठेवतं. आत कोण शिरतं ते बाहेर शोधायला हवं. टी पेशींच्या ग्राहकाचं जनुक, पी२आरवाय११ वगैरे यादी पुढे वाढत गेली. ज्यांना रस असेल त्यांनी ती वाचावी. लहानपणी घरात तंबाखूचा धूर, डोक्याला मार, यांचे अभ्यास आहेत आणि छोटे आहेत. हायपोथॅलॅमसजवळची गाठ किंवा नीमन-पिक सीसारखा दुर्मिळ विकार मात्र डॉक्टरने विसरू नये. तिथे झोप ही वरवरची खूण असते.

मला हवा होता घसा. २००९ साली दोन गोष्टी छापून आल्या आणि त्या रात्री मला झोप आली नाही, ही या विषयातली माझी सर्वांत आवडती आठवण. एक, अरान आणि सहकाऱ्यांनी दाखवलं की आजार सुरू होऊन थोडेच दिवस झालेल्यांच्या रक्तात स्ट्रेप्टोकॉकसच्या घसादुखीची खूण, एएसओ, जास्त असते आणि वर्षं उलटली की ती उतरते. दुसरी गोष्ट वर्तमानपत्रात होती. ऑगस्टच्या सुरुवातीला स्वाइन फ्लूचा देशातला पहिला बळी पुण्यात गेला, चौदा वर्षांची शाळकरी मुलगी. शाळा बंद, तोंडाला रुमाल, रुग्णालयांबाहेर रांगा. दोन गोष्टींचा संबंध त्या वेळी कोणालाच ठाऊक नव्हता.

संबंध वर्षभरात उत्तर युरोपातून आला. ऑगस्ट २०१० मध्ये स्वीडन आणि फिनलंडने कळवलं की पँडेमरिक्स ही स्वाइन फ्लूची लस घेतलेल्या मुलांत नार्कोलेप्सी वाढलेली दिसते. हेलसिंकीत मार्क्कू पार्टिनेन यांनी मोजलं: सतराच्या आतल्या मुलांत आधी वर्षाला लाखात ०.३१ असलेला दर २०१० मध्ये ५.३ झाला. सतरा पट! ज्यांचा एचएलए तपासला ती सर्व ३४ मुलं त्याच गटाची. १९९१ ते २००५ मध्ये जन्मलेल्यांत लस घेतलेल्यांचा धोका न घेतलेल्यांच्या पावणेतेरा पट निघाला. इंग्लंडचा हिशेब आला साधारण ५२ ते ५७ हजार डोसांमागे एक मूल, फिनलंडचा सोळा हजार लसवंतांमागे एक. त्या लसीत एएस०३ हे साहाय्यक द्रव्य होतं. पण तसंच द्रव्य असलेल्या कॅनडातल्या लसीने एवढा घोळ घातला नाही. म्हणजे सगळा दोष त्या द्रव्यावरही ढकलता येत नाही.

या घटनेचं आपल्याकडे जे भजं झालं आहे ते पाहून मला चीड येते. एक टोळकं दरवर्षी व्हॉट्सअॅपवर हीच बातमी गोवराच्या लसीपासून पोलिओच्या थेंबांपर्यंत सगळ्यांना चिकटवून फिरवतं. दुसरीकडे काही पांढरे कोट ‘असं काही घडलंच नाही’ म्हणून मोकळे होतात. दोघांनीही मूळ कागद वाचलेले नाहीत. ते घडलं, एका लसीबाबत घडलं, आणि उघडकीला आलं ते फिनलंडमध्ये प्रत्येक मुलाची लस आणि प्रत्येक निदान नोंदवहीत होतं म्हणून. पुण्यात ती लस आलीच नव्हती. आपली नाकात फवारायची लस २०१० च्या पावसाळ्यात आली, साथीची पहिली लाट ओसरल्यावर.

आणि बीजिंग! तिथल्या फांग हान यांनी जे केलं ते करायला यंत्र लागत नाही. त्यांनी प्रत्येक मुलाच्या घरच्यांना विचारलं, सुरुवात कोणत्या महिन्यात झाली? जमलेल्या ९०६ रुग्णांपैकी ६२९ जणांना महिना आणि वर्ष सांगता आलं. सर्वाधिक सुरुवात एप्रिलच्या आसपास, सर्वांत कमी नोव्हेंबरमध्ये. हिवाळ्यातल्या सर्दी-फ्लूनंतर पाच-सात महिन्यांनी आजार डोकं वर काढत होता, आणि २००९-१० च्या साथीनंतर तो तिपटीने वाढला. ज्यांना विचारलं त्या १४२ जणांत लस घेतलेले होते आठ. लसीशिवाय, नुसत्या विषाणूने! दोनेक वर्षांत आकडा पुन्हा खाली आला. विषाणू हे कसं घडवतो यावरचं प्रयोगशाळांचं भांडण अजून मिटलेलं नाही. विषाणूचा तुकडा हायपोक्रेटिनसारखा दिसतो म्हणून प्रतिकारशक्तीच्या टी पेशी फसतात, असं सांगणारा २०१३ चा गाजलेला निबंध पुढच्याच वर्षी लेखकांना मागे घ्यावा लागला. २०१८ मध्ये एका गटाला तसं साम्य सापडलं. दुसऱ्या गटाला हायपोक्रेटिनवर चालून जाणाऱ्या टी पेशी सापडल्या खऱ्या, पण त्या फ्लूला ओळखत नव्हत्या.

तेव्हापासून मी ज्याला त्याला सांगत आलोय: केसपेपरवर महिना लिहा. आपल्या आयांना तारीख सांगता येत नाही म्हणणाऱ्यांनी ‘गणपतीच्या आधी की नंतर?’ असं विचारून बघावं. ‘संक्रांतीला तिळगूळ वाटताना झोपला’ यापेक्षा नेमकी नोंद कोणत्या संगणकात आहे? घसा सुजणं आपल्याकडे पैशाला पासरी, संधिवाती हृदयविकाराने वॉर्ड भरायचे, मग नार्कोलेप्सी का नाही भरली, असा एक नेहमीचा आक्षेप असतो. दार उघडं असलेली मुलं किती, हे माहीत नसताना वॉर्ड मोजून काय कळणार? आणि वॉर्डात ती येतातच कुठे?

पूर्वी निदान शाळेतले मास्तर विचारायचे. वर्गात साठ पोरं असली तरी दिवाळीनंतर कोण बदलला ते त्यांना कळायचं. एका मास्तरांनी पोराला हाताला धरून माझ्याकडे आणलं होतं, रजा टाकून. आता मूल येतं ते फाइल घेऊन. झोपेच्या तपासणीची रंगीत पानं, सरासरी किती मिनिटांत झोप लागली, स्वप्नझोप किती वेळा लवकर आली, सगळं छापलेलं. आठ मिनिटांच्या आत झोप आणि दोनदा स्वप्नझोप हा नियम तोंडपाठ असलेले तरुण डॉक्टर हसल्यावर गुडघे वाकतात का, हे विचारत नाहीत. बाकीचे सगळं मोबाइलवर ढकलतात. रात्री दोनपर्यंत मोबाइल बघणारं मूल पेंगणारच; पण ते सुट्टीत झोप भरून काढली की ताजं होतं, नार्कोलेप्सीचं मूल पेंगतच राहतं.

एक हिशेब मला सोडत नाही. पुण्याची लाट ऑगस्ट-सप्टेंबरची. बीजिंगचं अंतर इथे लावलं तर सुरुवात संक्रांत ते होळी-पाडवा, २०१०. तेव्हा दहा वर्षांची असलेली मुलं आता पंचविशीत आहेत. निदानाला लागणारी आठ ते पंधरा वर्षं त्या सुरुवातीत मिळवली, तर त्यांतली जी असतील ती याच सुमारास मोठ्यांच्या दवाखान्यांत पोचत असणार, रात्रपाळीची थकलेली नोकरदार मंडळी म्हणून. हिंजवडीच्या बसमध्ये ती डोकं खिडकीला टेकून झोपत असतील आणि कोणाला त्यात काही वावगं वाटत नसेल. माझा दवाखाना आता बंद आहे. ज्यांचे चालू आहेत त्यांनी या वयाच्या पेंगणाऱ्या माणसाला गोळी लिहून देण्याआधी आईला फोन लावायला सांगावं. तिला महिना आठवत असतो.