राज्यघटनेतलं मार्गारिन

कॅनडाच्या राज्यघटनेचा भाग असलेल्या एका दस्तऐवजात मार्गारिनवर स्वतंत्र कलम आहे. 1949 मध्ये न्यूफाउंडलंड कॅनडात सामील झालं, त्या वेळच्या कराराचं हे 46वं कलम. शाळा, सरकारी कर्ज, रेल्वे, मासेमारी अशा भारदस्त विषयांच्या रांगेत ते उभं आहे. त्यात म्हटलंय, की न्यूफाउंडलंडमध्ये मार्गारिन बनवता आणि विकता येईल. प्रांताच्या विधिमंडळाने स्वतः मागितल्याशिवाय कॅनडाच्या संसदेला तिथे त्यावर बंदी घालता येणार नाही. दुसऱ्या पोटकलमात उलटा बांध आहे. उरलेल्या कॅनडात मार्गारिन कायदेशीर होत नाही, किंवा संसद वेगळं काही ठरवत नाही, तोवर न्यूफाउंडलंडचं मार्गारिन दुसऱ्या कुठल्याही प्रांतात नेता येणार नाही.

खाद्यपदार्थांचे कायदे वाचायचा मला जुना नाद आहे, आणि तो लागला डालड्यामुळे. वनस्पती तुपात किमान 5 टक्के तिळाचं तेल घातलंच पाहिजे, असा नियम आपल्याकडे होता. हे तेल चवीसाठी नव्हतं. साजूक तुपात कोणी वनस्पती मिसळलं, तर प्रयोगशाळेत बोदुआँ चाचणीत तिळाच्या अंशामुळे लाल रंग उमटावा आणि भेसळ उघडी पडावी, एवढ्यासाठी ते होतं. नियम लिहिणाऱ्याने केवढा विचार केला असेल, याचं मला फार कौतुक वाटलं. मग इतर देशांनी आपलं लोणी कसं राखलं ते शोधू लागलो, आणि कॅनडापाशी येऊन थांबलो. तिथली गोष्ट संपतच नव्हती.

कॅनडाच्या संसदेने 1886 मध्ये मार्गारिनचं उत्पादन, आयात आणि विक्री यांवर सरसकट बंदी घातली. फ्रान्समध्ये या पदार्थाचा शोध लागून तेव्हा वीस वर्षंही झाली नव्हती. कारण दिलं गेलं आरोग्याचं. दूधधंद्याला स्वस्त प्रतिस्पर्धी नको होता, हे मात्र सगळ्यांना ठाऊक होतं. अमेरिकेतही तेव्हा हेच वारं वाहत होतं. न्यू हॅम्पशायरने तर मार्गारिन गुलाबी रंगवूनच विकावं असा कायदा केला आणि तो 1898 मध्ये अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने मोडीत काढला. पण आख्ख्या देशात बंदी, तीही साठ वर्षं, हे कॅनडाने केलं. मध्ये फक्त एक खंड आहे. पहिल्या महायुद्धात लोण्याचा तुटवडा पडला, तेव्हा 1917 मध्ये बंदी उठली आणि 1923 मध्ये पुन्हा आली. त्या सहा वर्षांत लोकांनी मार्गारिन उघडपणे खाल्लं. मग आरोग्याचं कारण कुठे गेलं? सरकारने त्याचं उत्तर दिलं नाही, द्यायची गरजही त्याला वाटली नाही.

आता न्यूफाउंडलंडकडे वळू, कारण गोष्टीचा जीव तिथे आहे. हे बेट तेव्हा कॅनडात नव्हतं, ब्रिटिश साम्राज्याचा स्वतंत्र तुकडा होतं. जमीन खडकाळ, उन्हाळा आखूड, गाई मोजक्या. लोक कॉड माशावर जगत. मासेमार कुटुंब व्यापाऱ्याकडून हंगामाआधी पीठ, मीठ, चहा, जाळी उधारीवर घेई आणि हंगामाअखेर सुकवलेला कॉड देऊन फेडी. हातात रोख पैसा क्वचितच येई. अशा घरात लोणी विकत आणणं शक्यच नव्हतं. पावाला लावायला होतं ते मार्गारिन. व्हेल, सील आणि माशांच्या तेलापासून ते तिथेच बनत असे. सर जॉन क्रॉस्बी या व्यापारी-राजकारण्याने काढलेली न्यूफाउंडलंड बटर कंपनी हा त्यातला मोठा कारखाना. तिथला माल चोरवाटेने कॅनडातही जाई आणि लोण्याच्या जवळजवळ निम्म्या भावात विकला जाई. एका बाजूच्या किनाऱ्यावर रोजचं जेवण असलेला पदार्थ समोरच्या किनाऱ्यावर गुन्हा होता.

या बेटावर 1920 च्या दशकाच्या अखेरीस वॉलेस एक्रॉइड नावाचा तरुण डॉक्टर फिरत होता. त्याचं नाव वाचलं आणि मी चमकलो, कारण भारतीय आहारशास्त्राच्या जुन्या पुस्तकांत ते पानोपानी भेटतं. 1930 मध्ये छापलेल्या त्याच्या लेखाचा विषय आहे न्यूफाउंडलंड आणि लॅब्राडॉरमधला बेरीबेरी. बेरीबेरी हा आपण भात खाणाऱ्या आशियाचा रोग समजतो. पण इथे पॉलिश केलेल्या तांदळाची जागा पांढऱ्या मैद्याने घेतली होती. पाव, चहा, काकवी, खारवलेलं मांस आणि मासे एवढ्यावर माणसं बर्फात अडकलेला हिवाळा काढत आणि वसंत येईतो त्यांच्या पायांतलं बळ गेलेलं असे. त्याच्या जोडीला रातांधळेपणा होता. त्यावर माशाचं यकृत खावं हे मासेमारांना पिढ्यान्‌पिढ्या माहीत होतं, आणि एक्रॉइडने त्या माहितीची हेटाळणी न करता नोंद केली. मला हा माणूस आवडू लागला तो इथे.

पुढे राष्ट्रसंघाच्या आरोग्य विभागात काही वर्षं काढून एक्रॉइड 1935 मध्ये निलगिरीतल्या कुन्नूरला आला आणि तिथल्या पोषण संशोधन प्रयोगशाळेचा संचालक झाला. भारतीय अन्नपदार्थांच्या पोषणमूल्यांचे तक्ते त्याने 1937 मध्ये प्रसिद्ध केले. नाचणीत चुना किती, शेवग्याच्या पाल्यात काय, हे आपल्या पुस्तकांत आलं त्याची मुळं त्या तक्त्यांत आहेत. अ जीवनसत्त्वाच्या अभावी डोळे गमावण्याच्या बेतात आलेल्या मुलांवर त्याने लाल पामतेल वापरून पाहिलं. मुलांना लोणी परवडत नसेल, तर लोण्यातलं मोलाचं काय आहे ते शोधायचं आणि स्वस्त तेलातून त्यांच्यापर्यंत पोचवायचं, हा त्याचा विचार. बंगालच्या दुष्काळाची चौकशी करणाऱ्या आयोगावरही तो होता.

तिकडे न्यूफाउंडलंडमध्ये 1944 मध्ये डॉक्टरांच्या पथकाने लोकांच्या पोषणाची पाहणी केली. चित्र वाईट होतं. त्याच सुमारास तिथल्या सरकारने पिठात ब गटातली जीवनसत्त्वं घालणं सक्तीचं केलं आणि मार्गारिनमध्येही जीवनसत्त्वं मिसळली जाऊ लागली. 1948 मध्ये फेरपाहणी झाली, आणि त्या पथकाच्या अहवालावर पहिलं नाव आहे एक्रॉइडचं. ज्या बेटावर त्याने बेरीबेरीने लुळे पडलेले पाय पाहिले होते, तिथेच सुधारणा मोजायला तो कुन्नूरमार्गे परत गेला होता. चार वर्षांत अभावाची लक्षणं बरीच ओसरली होती. म्हणजे कॅनडाने आरोग्यासाठी घातक ठरवून ज्याला वेशीबाहेर ठेवलं, तोच पदार्थ शेजारच्या बेटावर औषधाचं वाहन झाला होता. या दोन गोष्टी एकत्र ठेवून वाचल्या, की बंदीच्या बाजूचा कुठलाही युक्तिवाद मला पटत नाही.

1948 हेच वर्ष न्यूफाउंडलंडच्या भवितव्यावरच्या सार्वमताचंही. जूनमधल्या पहिल्या फेरीत निकाल लागला नाही. 22 जुलैच्या दुसऱ्या फेरीत 52.3 टक्के लोकांनी कॅनडाच्या बाजूने मत दिलं. जोई स्मॉलवुड या फर्ड्या वक्त्याची ती जीत. पण कॅनडात गेल्यावर कॅनडाचे कायदे लागू होणार आणि पावावरचं मार्गारिन बेकायदा ठरणार, हा पेच उभा राहिला. त्यातून निघालं कलम 46. ऑटवामध्ये 11 डिसेंबर 1948 रोजी करारावर सह्या झाल्या. न्यूफाउंडलंडच्या सात जणांच्या शिष्टमंडळातल्या सहा जणांनी सही केली, सातव्याने नकार दिला. हा सातवा म्हणजे चेस्ली क्रॉस्बी, मार्गारिनचा कारखाना काढणाऱ्या सर जॉनचा मुलगा. त्याचा आक्षेप मार्गारिनवर नव्हता. कराराच्या आर्थिक अटींवर बेटाचा संसार चालणार नाही, असं त्याचं म्हणणं होतं.

त्याच काळात ऑटवाच्या सिनेटमध्ये विल्यम युलर नावाचे एक वयस्क सभासद एकाकी लढत होते. माजी व्यापारमंत्री, ओंटारियोतल्या जर्मन वस्तीच्या गावाचे एकेकाळचे महापौर. 1946 पासून ते मार्गारिनवरची बंदी उठवणारं विधेयक मांडत आणि ते पडे. दूध उत्पादकांच्या मतांपुढे दोन्ही मोठे पक्ष गप्प असत. सत्तरी ओलांडलेल्या या माणसाला त्यातून मिळण्यासारखं काही नव्हतं. गरिबाने काय खावं हे गोठेवाल्यांच्या सोयीने ठरू नये, एवढाच त्यांचा आग्रह. कॅनडाच्या इतिहासाच्या मोठ्या ग्रंथांत युलर यांना जेमतेम एक ओळ मिळते, आणि मला ते अन्यायाचं वाटतं. विधेयक मंजूर होईना, पण वाद इतका वाढला की सरकारने प्रश्न सर्वोच्च न्यायालयाकडे सोपवला: अशी बंदी घालण्याचा केंद्रीय संसदेला अधिकार आहे तरी का?

निकाल आला 14 डिसेंबर 1948 रोजी, करारावर सह्या झाल्यानंतर तिसऱ्या दिवशी. उत्पादन आणि विक्रीवरची बंदी घटनाबाह्य ठरली. न्यायमूर्ती आयव्हन रँड यांनी कसोटी सांगितली, की फौजदारी कायद्यामागे शांतता, सुव्यवस्था, सुरक्षा, आरोग्य, नीती असं काही सार्वजनिक कारण लागतं. एका धंद्याचं दुसऱ्यापासून रक्षण हे त्यात बसत नाही. कॅनडातले कायद्याचे विद्यार्थी आजही हा निकाल शिकतात. दूध उत्पादकांच्या बाजूने लंडनच्या प्रिव्ही कौन्सिलमध्ये अपील झालं आणि तेही 1950 मध्ये फेटाळलं गेलं. एक भाग मात्र टिकला: मार्गारिनच्या आयातीवरची बंदी न्यायालयाने वैध ठरवली होती.

मग विषय प्रांतांच्या हातात गेला आणि भांडण रंगावर आलं. लोणी पिवळं, म्हणून मार्गारिन पिवळं नको. फिकट पांढरा गोळा आणि सोबत रंगाची पुडी मिळे. घरी आणून गृहिणीने ते खूप मळायचं, तेव्हा ते जेवणाच्या टेबलावर ठेवण्याजोगं होई. ओंटारियोच्या कायद्यात तर आकडेच होते: लोव्हिबाँड मापावर मार्गारिनचा पिवळेपणा 1.6 पेक्षा कमी किंवा 10.5 पेक्षा जास्त असला पाहिजे. म्हणजे एकतर पांढरंफटक, नाहीतर भडक नारिंगी. मधला सगळा पट्टा लोण्यासाठी राखीव. जोसेफ लोव्हिबाँड या इंग्लंडमधल्या बिअर बनवणाऱ्याने 1885 मध्ये बिअरचा रंग मोजायला काढलेलं हे यंत्र. ओंटारियोने तो नियम 1995 मध्ये सोडला. क्वेबेकने 1961 पर्यंत मार्गारिनच येऊ दिलं नव्हतं, आणि त्याच्या पिवळ्या रंगावरची बंदी उठायला तिथे 2008 चा जुलै उजाडावा लागला. युनिलिव्हरने 1997 मध्ये मुद्दाम पिवळं मार्गारिन क्वेबेकमध्ये आणून खटला ओढवून घेतला होता. 2005 मध्ये सर्वोच्च न्यायालयात कंपनी हरली. प्रांताला तो अधिकार होता.

हाच लोव्हिबाँड आपल्या वनस्पती तुपाच्या नियमातही होता. वनस्पती आणि शेंगदाण्याचं शुद्ध तेल 20 ला 80 या प्रमाणात मिसळून बोदुआँ चाचणी केली, तर येणारा लाल रंग 1 सेंटिमीटरच्या नळीत 2.0 एककांपेक्षा फिका नसावा, असं त्यात लिहिलेलं. यंत्र एकच, पण कामाचा हेतू पाहा. आपल्याकडेही वनस्पती रंगवून विकावं, बंदच करावं, अशा मागण्या जोरात होत्या. गांधीजींचा वनस्पतीला विरोध प्रसिद्धच आहे. शेवटी निवडली गेली ती खूण डोळ्यांना न दिसणारी. भेसळ करणारा दुकानदार त्यात सापडतो, आणि डालड्याचा डबा नेणाऱ्या गरीब घराच्या ताटात काही बिघडत नाही. 1953 पासून त्याच वनस्पतीत अ जीवनसत्त्वही सक्तीचं झालं. वनस्पतीतल्या ट्रान्स फॅटचं प्रकरण पुढे कळलं, ते गंभीर आहे, आणि त्यावर स्वतंत्रपणे लिहायला हवं. पण लोण्या-तुपाचं रक्षण करायला स्वस्त पदार्थ खाणाऱ्याला लाजवावं लागत नाही, हे भारतीय नियमाने दाखवलं. ओंटारियोच्या आकड्यांत मला तो विवेक दिसत नाही.

दूध उत्पादकाची भीती मात्र खोटी नव्हती. गाई पाळणाऱ्याचा खर्च भाव पडला म्हणून थांबत नाही. कॅनडाने पुढे 1966 मध्ये दुग्ध आयोग स्थापन केला आणि दुकानातल्या स्पर्धकाशी भांडण्याऐवजी दुधाचा पुरवठाच बांधून घेतला. शेतकऱ्याला स्निग्धांशाच्या किलोंमध्ये कोटा मिळतो, लोण्याचा आधारभाव ठरतो, आणि बाहेरचं लोणी ठरावीक मर्यादेपलीकडे आलं तर त्यावर 298.5 टक्के जकात लागते. 1948 च्या निकालात जो भाग टिकला, आयातीचा, त्याच्याच बळावर आजची भिंत उभी आहे असं मला वाटतं. पहारा दुकानातून उठून बंदरावर गेला. जागतिक व्यापार संघटनेच्या करारानुसार कमी जकातीत येऊ शकणारं लोणी वर्षाला 3,274 टन, त्यातलं 2,000 टन न्यूझीलंडच्या वाट्याचं.

आणि ज्या तेला-तुपाला दारातून हाकललं, ते गाईच्या पोटातून आत आलं. 2021 च्या फेब्रुवारीत कॅनडात ओरड सुरू झाली, की लोणी पूर्वीसारखं मऊ होत नाही, घरातल्या उबेतही घट्ट राहतं. बोट दाखवलं गेलं ते गाईंच्या खुराकात मिसळल्या जाणाऱ्या पामच्या स्निग्धांशाकडे. करोनाच्या टाळेबंदीत घरोघरी भाजणं-बेकिंग वाढलं होतं, लोण्याची मागणी चढली होती, आणि दुधातला स्निग्धांश वाढवायचा तो एक मार्ग होता. त्यानेच लोणी घट्ट झालं का, यावर तज्ज्ञांचं एकमत झालं नाही. तरी दूध उत्पादकांच्या राष्ट्रीय संघटनेने आपल्या सभासदांना तो खुराक थांबवायला सांगितलं.

टोरोंटो-ब्रॅम्प्टनकडच्या मराठी घरांत तूप कढवतात ते याच बिनमिठाच्या लोण्याच्या विटांचं, आणि सणाच्या आधी भाव उतरले की चार विटा जास्त आणून ठेवतात. त्या भावात कोटा आहे, आधारभाव आहे, जकात आहे. कॅनडा आपला आयात-कोटा मोकळेपणाने वापरू देत नाही, ही न्यूझीलंडची तक्रार पॅसिफिक व्यापार कराराच्या लवादापुढे गेली. 2023 च्या निकालात तिचा काही भाग मान्य झाला, आणि जुलै 2024 मध्ये दोन्ही देशांनी कोटावाटपाच्या पद्धतीवर तडजोड केली. जकातीचा आकडा तेवढाच राहिला आहे.