मुरूम, हळद आणि अबकारी खातं

हळद-चंदनाचा लेप घनसावंगीपासून गोव्यापर्यंत घरोघरी ठाऊक. तो ट्यूबमध्ये भरला पेंढरकरांनी. केशव विष्णू पेंढरकर यांनी १९५२ साली मुंबईत ‘विको’ काढली, टर्मरिक क्रीम आलं १९७५ मध्ये. हळदीचा अर्क, चंदनाचं तेल, वर चेहरा पिवळाधमक होण्याची भीती नाही. मुरमांनी बेजार झालेल्या कॉलेजच्या पोरापोरींना आणखी काय हवं?

अबकारी खात्याचा प्रश्न मात्र वेगळाच होता: हे औषध की सौंदर्यप्रसाधन? प्रसाधन ठरलं, तर कर जास्त. १९७८ मध्ये कोर्टात गेलेलं हे भांडण अखेर सर्वोच्च न्यायालयात मिटलं. निकाल, आयुर्वेदिक औषध. जाहिरातीत ते लागायचं ते नव्या नवरीच्या गालाला, ही गंमत वेगळीच!